पहिल्या गोळीआधीची तपासणी

स्किझोफ्रेनियाची शंका असलेला माणूस मानसोपचारतज्ज्ञासमोर येऊन बसतो, तेव्हा विचारपूस होते ती मनाची. आवाज ऐकू येतात का, कोणाचा संशय येतो का, झोप लागते का, जीव द्यावासा वाटतो का. हे सगळे विचारलेच पाहिजे, कारण निदान त्यावरच उभे असते. त्याच माणसाचे हात चालताना हलतात की अंगालगत राहतात, एकेक बोट अंगठ्याला लावताना तो अडखळतो का, जीभ बाहेर काढून काही क्षण स्थिर धरता येते का, डोळे मिटल्यावर तळहातावर गिरवलेला आकडा त्याला ओळखता येतो का, याची नोंद मात्र अनेक केसपेपरांवर सापडत नाही. औषध सुरू होते, काही वर्षे जातात आणि एक दिवस घरचे म्हणतात, ‘डॉक्टर, याचे तोंड सारखे चावल्यासारखे हलते. हे आधी नव्हते.’ खरेच नव्हते का, हे त्या वेळी ना घरच्यांना खात्रीने सांगता येते, ना डॉक्टरांना.

म्हणून प्रश्न असा आहे: मनोविकारावरील औषधाची पहिली गोळी देण्याआधी हालचालींची आणि संवेदनांची एक छोटी, ठरावीक तपासणी करून ती लिहून ठेवणे सर्व ओपीडींमध्ये बंधनकारक करावे का? या प्रश्नावर जाणती माणसे दोन्ही बाजूंना आहेत, आणि दोन्ही बाजूंची कारणे तोलून पाहण्याजोगी आहेत.

तपासणीचा आग्रह धरणाऱ्यांचा पहिला दाखला इतिहासातला आहे. जर्मनीतल्या गोर्लिट्झ गावी मनोरुग्णालय चालवणाऱ्या कार्ल लुडविग काल्बाउम यांनी 1874 मध्ये ‘कॅटॅटोनिया’वर पुस्तक लिहिले. तासन्‌तास एकाच स्थितीत राहणारे, हात वर केला तर तो तसाच वर ठेवणारे, कारण नसताना तीच हालचाल पुन्हा पुन्हा करणारे रुग्ण त्यांनी बारकाईने टिपले. पुढे एमिल क्रेपेलिन यांनीही आपल्या रुग्णांच्या हालचालींतल्या विचित्रपणाची दखल घेतली. त्या काळात स्किझोफ्रेनियावर आजच्यासारखे एकही औषध नव्हते. म्हणजे हालचालींतला बिघाड औषधाच्या आधीही होता. यूजेन ब्लॉयलर यांनी 1911 च्या ग्रंथात विचारांची आणि भावनांची फाटाफूट आजाराच्या केंद्रस्थानी ठेवली आणि शरीराची लक्षणे कडेला गेली. ती तिथेच राहिली.

दुसरीकडे, औषधांचा इतिहासही तितकाच ठोस आहे, आणि त्यात आपल्याकडच्या संशोधकांचा मोठा वाटा आहे. गणनाथ सेन आणि कार्तिकचंद्र बोस यांनी 1931 मध्ये सर्पगंधेच्या मुळीचा वेडावर आणि वाढलेल्या रक्तदाबावर उपयोग होतो हे लिहिले होते. मुंबईचे हृदयरोगतज्ज्ञ रुस्तम जाल वकील यांनी 1949 मध्ये रक्तदाबावरील आपला अनुभव ब्रिटिश नियतकालिकात मांडला आणि सर्पगंधा जगभर पोहोचली. 1952 मध्ये तिच्यातून रिसर्पिन वेगळे काढले गेले. त्याच वर्षी पॅरिसच्या सेंट-आन रुग्णालयात जाँ डिले आणि पिएर डेनिकर यांनी क्लोरप्रोमाझिनचे परिणाम प्रसिद्ध केले. दोन्ही औषधांनी रुग्ण शांत झाले, आणि दोन्हींमुळे त्यांच्यापैकी कित्येक ताठही झाले. चेहरा कोरा, पावले आखूड, हाताला कंप. 1957 मध्ये स्वीडनच्या आर्विद कार्लसन यांनी रिसर्पिनने निपचित पडलेल्या सशांना, ज्यापासून मेंदूत डोपामिन बनते ते एल-डोपा टोचले आणि ते ससे पुन्हा हालचाल करू लागले. मेंदूतल्या डोपामिनचा हालचालीशी असलेला संबंध तिथे उघड झाला आणि कंपवाताच्या उपचाराची दिशाही मिळाली. मनोविकाराची औषधे डोपामिनचे काम अडवतात, म्हणून शरीर ताठते, ही साखळी स्पष्ट झाली.

ही साखळी खरी आहे. मात्र ती इतकी पटण्याजोगी होती की मनोरुग्णाच्या शरीरात दिसणारी प्रत्येक वेडीवाकडी हालचाल औषधाच्या खात्यावर जाऊ लागली, आणि काल्बाउमने पाहिलेले रुग्ण ग्रंथालयातच राहिले.

या समजुतीला एक महत्त्वाचा धक्का चेन्नईहून बसला. विसाव्या शतकाच्या शेवटीही भारतात असे वृद्ध रुग्ण सापडत होते, ज्यांना स्किझोफ्रेनिया अनेक वर्षे होता आणि ज्यांनी मनोविकाराची एक गोळीही कधी घेतली नव्हती. स्कॉटलंडचे रॉबिन मॅक्रीडी आणि चेन्नईच्या ‘स्कार्फ’ संस्थेतले संशोधक यांनी अशा रुग्णांची तपासणी करून 1996 मध्ये निष्कर्ष प्रसिद्ध केले. तोंड, जीभ, हातपाय यांच्या आपोआप होणाऱ्या हालचाली निरोगी वृद्धांत 15 टक्के, औषध घेणाऱ्या रुग्णांत 41 टक्के, आणि कधीच औषध न घेतलेल्या रुग्णांत 38 टक्के आढळल्या. कंपवातासारख्या ताठरपणाचे प्रमाण निरोगी वृद्धांत 6 टक्के, औषध न घेतलेल्यांत 24 टक्के आणि औषध घेणाऱ्यांत 36 टक्के होते. अशी तुलना पाश्चात्त्य देशांत करणे जवळपास अशक्य होते, कारण तिथे एवढी वर्षे औषधाविना राहिलेले रुग्ण मिळत नव्हते. आपल्याकडच्या उपचारांच्या दुष्काळातून हे ज्ञान हाती आले, हेही नोंदवले पाहिजे.

या आकड्यांवरून आजारच हालचाली बिघडवतो असा निष्कर्ष काढण्याचा मोह होतो. परंतु इथे थांबून पाहणे न्याय्य ठरेल. औषध न घेतलेल्या रुग्णांची संख्या अवघी 21 होती. ते सरासरी 65 वर्षांचे होते, आणि त्या वयात निरोगी माणसांतही दर सहा-सातांमागे एकाला अशा हालचाली होत्या. शिवाय औषधांचा वाटा नाकारता येणार नाही इतका पुरावा दुसऱ्या पारड्यात आहे. जगभरच्या अभ्यासांचा 2017 मध्ये एकत्रित आढावा घेण्यात आला. त्यात मनोविकाराची औषधे दीर्घकाळ घेणाऱ्यांपैकी सुमारे 25 टक्के लोकांत टार्डिव्ह डिस्कायनेशिया, म्हणजे उशिरा उद्भवणाऱ्या आपोआप हालचाली आढळल्या. जुन्या औषधांवर सुमारे 30 टक्के, नव्या औषधांवर सुमारे 21 टक्के. आणि ज्यांनी जुनी औषधे कधीच घेतली नव्हती, फक्त नवीच घेतली, त्यांच्यात सुमारे 7 टक्के. औषध बदलल्याने धोका एवढा उतरत असेल तर औषधाचा दोष खराच आहे. चेन्नईचा आकडा पुढे करून एखादा निष्काळजी डॉक्टर ‘हे आजाराचेच आहे’ म्हणून हात झटकू शकेल, ही भीती रुग्णांच्या नातेवाइकांना वाटते. ती निराधार नाही.

दोन्ही गोष्टी खऱ्या आहेत असे मान्य केले की तपासणीची गरज वेगळ्या ठिकाणी दिसू लागते. शंभर रुग्णांच्या गटाबद्दल आकडे बोलतात. समोर बसलेल्या एका माणसाच्या जिभेची हालचाल आजाराची की औषधाची, हे आकडे सांगत नाहीत. ते सांगण्याचा एक बऱ्यापैकी भरवशाचा मार्ग म्हणजे औषधापूर्वीची नोंद. ती नसेल तर पुढची सगळी चर्चा आठवणींवर चालते, आणि आजाराच्या धकाधकीतल्या कुटुंबाच्या आठवणी आपण पुरावा म्हणून किती ताणायच्या?

पहिल्या डोसआधी तपासण्याला आणखी एक कारण आहे आणि ते अधिक तातडीचे आहे. कॅटॅटोनियाचा रुग्ण गप्प, ताठ आणि न खाणारा असतो, किंवा कधी उलट अनावर खळबळ करतो. त्याला हट्टी किंवा आक्रमक समजून हॅलोपेरिडॉल या मनोविकारावरील औषधाचे इंजेक्शन दिले तर तो सुधारण्याऐवजी बिघडू शकतो. तीव्र ताप, ताठरपणा आणि शुद्ध हरपणे अशी जिवावर बेतणारी गुंतागुंतही अशा रुग्णात होण्याचा धोका अधिक असतो. त्याच रुग्णाला लोराझेपाम हे शामक दिल्यावर अनेकदा काही तासांत किंवा दिवसांत फरक दिसतो. अमेरिकी निदानपुस्तिकेने 2013 च्या आवृत्तीत कॅटॅटोनियाला स्किझोफ्रेनियाच्या एका उपप्रकारातून बाहेर काढले; तो नैराश्यात, उन्मादात, मेंदूच्या दाहात, कशातही दिसू शकतो हे मान्य केले. हात उचलून सोडणे, कोपर वाकवून पाहणे, सांगितल्याच्या उलट करतो का ते बघणे, एवढ्याने त्याची शंका येते. हे न करण्याचे समर्थन मला कुठेच सापडत नाही.

आता विरोधी बाजू. तिच्या मागे आळस नाही, अनुभव आहे. भारतात लाख लोकसंख्येमागे सरासरी एक मानसोपचारतज्ज्ञही नाही. 2015-16 च्या राष्ट्रीय मानसिक आरोग्य सर्वेक्षणात वेगवेगळ्या मनोविकारांत 70 ते 92 टक्के लोकांपर्यंत उपचार पोहोचत नसल्याचे दिसले. जिल्हा रुग्णालयात मानसोपचारतज्ज्ञासमोर सकाळपासून रांग असते. प्रत्येक नव्या रुग्णामागे दहा मिनिटे वाढवली तर रांगेतल्या शेवटच्या काही जणांना दुसऱ्या दिवशी यायला सांगावे लागेल, आणि एसटीने दोन-अडीच तासांवरून आलेले कुटुंब दुसऱ्या दिवशी येईलच असे नाही. जिथे औषधच मिळत नाही तिथे औषधाच्या दुष्परिणामांची मोजमाप यंत्रणा आधी उभारा, असे सांगणे त्या डॉक्टरांना शहरी चैन वाटते. त्यांच्या जागी बसून पाहिले तर तसे वाटणे स्वाभाविक आहे.

तरीही वेळेचा हिशेब बारकाईने केला तर तो थोडा बदलतो. हालचालींच्या नोंदीसाठी 1976 मध्ये अमेरिकेत तयार झालेली ‘एम्स’ नावाची मोजपट्टी पाच-दहा मिनिटांत पूर्ण होते; ताठरपणासाठीची सिम्पसन-अँगस मोजपट्टी 1970 पासून, तर एका जागी बसू न देणाऱ्या अस्वस्थतेसाठीची, म्हणजे अकॅथिशियासाठीची, बार्न्स मोजपट्टी 1989 पासून वापरात आहे. यातले पहिले दोन प्रकार प्रशिक्षित परिचारिकाही करू शकते. परिचारिका आणि समाजकार्यकर्तेही कमीच आहेत, हा प्रतिवाद खरा आहे. पण दहा मिनिटांसाठी मानसोपचारतज्ज्ञच हवा, हा आग्रह सोडला तर अडचणीचा आकार निम्म्याने कमी होतो.

विरोधकांचा दुसरा मुद्दा मला वेळेच्या मुद्द्यापेक्षा जड वाटतो. औषध सुरू करण्याच्या दिवशीच तोंड-जीभ-हातपाय तपासून ‘या गोळ्यांनी पुढे असे होऊ शकते’ हे सांगितले, तर कित्येक कुटुंबे गोळ्या सुरूच करणार नाहीत. सुरू केल्या तरी पहिल्या कंपाला बंद करतील. आणि गोळ्या बंद करण्याची किंमत ठाऊक आहे. 2012 मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका मोठ्या एकत्रित विश्लेषणात सुमारे वर्षभरात आजार उलटण्याचे प्रमाण औषध चालू ठेवणाऱ्यांत 27 टक्के आणि खोटी गोळी मिळालेल्यांत 64 टक्के होते. आजार उलटणे म्हणजे अनेकदा नोकरी जाणे, लग्न मोडणे, पोलिस ठाणे, कधी आत्महत्येचा प्रयत्न. जिभेच्या हालचालीच्या भीतीपोटी हे ओढवून घ्यायचे का, असा डॉक्टरांचा सवाल आहे, आणि तो कळकळीचा आहे.

या सवालाचे उत्तर अकॅथिशियाने दिले आहे. या त्रासात रुग्णाला एका जागी बसवत नाही. पाय शांत राहत नाहीत, आतून जीव खालीवर होतो, फेऱ्या मारल्याशिवाय चैन पडत नाही. डोपामिन अडवणारे औषध सुरू केल्यावर किंवा वाढवल्यावर काही दिवसांत हे सुरू होऊ शकते. न विचारणाऱ्या डॉक्टरला ते आजार वाढल्यासारखे दिसते. मग डोस वाढतो, त्रास आणखी वाढतो, आणि रुग्ण गोळ्या थुंकू लागतो. म्हणजे माहिती दिल्याने औषध सुटते हे खरे असले, तरी न तपासल्यानेही ते सुटते. शिवाय दुसऱ्या प्रकारात रुग्णाचा डॉक्टरवरचा विश्वासही जातो. धोक्याची माहिती किती आणि कोणत्या शब्दांत द्यावी हे डॉक्टरच्या कौशल्यावर सोडावे लागेल. तपासणी टाळून मात्र माहितीची अडचण सुटत नाही, ती फक्त पुढे ढकलली जाते.

इथे आपल्याकडच्या एका रूढ पद्धतीबद्दल बोलायला हवे. हॅलोपेरिडॉल किंवा रिस्पेरिडोनसोबत ट्रायहेक्सीफेनिडिलची गोळी पहिल्या दिवसापासून जोडून देणे इथे सर्रास चालते. कंप आणि ताठरपणा येऊ नये हा हेतू चांगला आहे. लांबून येणाऱ्या, महिन्यातून एकदाच भेटणाऱ्या रुग्णाला मधल्या काळात मान वाकडी होऊन बसली तर तो परत यायचाच नाही, हा व्यवहारही त्यामागे आहे. परंतु याच गोळीने तोंड कोरडे पडते, बद्धकोष्ठ होते, स्मरणशक्ती मंदावते, आणि टार्डिव्ह डिस्कायनेशिया झालाच तर तो वाढू शकतो. जागतिक आरोग्य संघटनेची शिफारस ही गोळी सरसकट प्रतिबंधक म्हणून देऊ नये अशीच आहे. कोणाला खरोखर गरज आहे हे कळायचे तर आधी तपासायला हवे. तपासणीचा अभाव भरून काढण्यासाठी आपण एक जादा औषध वाटतो आहोत, असे मला वाटते, आणि त्याची किंमत अशा रुग्णांच्या स्मरणशक्तीला मोजावी लागते ज्यांची स्मरणशक्ती आजारानेच आधी दुबळी केलेली असते.

समजा, तपासणी केली आणि बिघाड दिसला. पुढे काय? हा प्रश्न विरोधक विचारतात तेव्हा त्यात हताशपणा असतो. डोस कमी करता येतो, पण आजार उलटू शकतो. नवे औषध देता येते, पण काही नव्या औषधांनी वजन आणि रक्तातली साखर वाढते. महाराष्ट्रातल्या मधुमेहाच्या घराण्यांत ही बाब हलकी नाही. क्लोझापिन हालचालींच्या दृष्टीने सर्वांत सौम्य औषधांपैकी आहे, पण 1975 मध्ये फिनलंडमध्ये पांढऱ्या पेशी घटून काही रुग्ण दगावले होते आणि त्यानंतर रक्ततपासणीची अट आली. सुरुवातीचे 18 आठवडे दर आठवड्याला रक्त द्यायचे, हे पुण्या-मुंबईत जमते. तालुक्याच्या ठिकाणी प्रयोगशाळेपासून चाळीस किलोमीटरवर राहणाऱ्याला ते फार अवघड आहे. टार्डिव्ह डिस्कायनेशियासाठी खास औषधे अमेरिकेत 2017 मध्ये मान्य झाली. ती मेंदूतल्या ज्या वाहक प्रथिनावर काम करतात, त्यावरच एकेकाळी सर्पगंधेतले रिसर्पिनही काम करत होते. मात्र सर्वसामान्यांच्या खिशाला परवडणारा, खात्रीचा इलाज अजून हाती नाही. तेव्हा तपासणीने पर्याय निर्माण होत नाहीत, हे मान्यच करावे लागते. लवकर कळल्यास औषध बदलण्याची किंवा डोस उतरवण्याची वेळ अजून हाती असते, कारण हालचाली मुरल्यावर औषध थांबवूनही त्या राहू शकतात. तपासणीचा लाभ इतकाच आहे. तो लहान नाही, पण त्यापेक्षा मोठा करून सांगू नये.

मोठा करून सांगण्याचा मोह संशोधनाकडून येतो. हालचाल आणि संवेदना यांचे नाते मनोविकारात कसे बिघडते, याबद्दल गेल्या काही दशकांत जे समजले ते खरोखर थक्क करणारे आहे. स्वतःच्या बोटांनी स्वतःला गुदगुल्या होत नाहीत, कारण मेंदू हालचालीचा हुकूम देतानाच तिची जाणीव कशी असेल याचा अंदाज बांधतो आणि ती फिकी करतो. लंडनमध्ये सारा-जेन ब्लेकमोर आणि सहकाऱ्यांनी 2000 मध्ये दाखवले की ज्यांना भास होतात किंवा आपल्या हालचाली कोणीतरी दुसरा घडवतो असे वाटते, त्यांना स्वतःचा स्पर्श दुसऱ्याच्या स्पर्शाइतकाच तीव्र जाणवतो. ‘हा हात माझा आहे पण तो मी उचलला नाही’ असे सांगणाऱ्या माणसाचे म्हणणे मग निरर्थक वाटत नाही. त्याच्या मेंदूतला अंदाज आणि प्रत्यक्ष संवेदना यांची जुळणीच चुकली असावी. अमेरिकेच्या राष्ट्रीय मानसिक आरोग्य संस्थेने 2019 मध्ये आपल्या संशोधन आराखड्यात संवेदना-हालचालीचा स्वतंत्र विभाग जोडला, तो अशाच पुराव्यांमुळे.

याच्या पुढची पायरी म्हणून काही जण म्हणतात, हालचालींवरून आजार आधीच ओळखा. 1946 मध्ये जन्मलेल्या ब्रिटिश मुलांच्या पाहणीत, पुढे स्किझोफ्रेनिया झालेली मुले सरासरी महिना-सव्वा महिना उशिरा चालू लागली होती. उत्तर फिनलंडमधल्या 1966 च्या जन्मगटातही असाच कल दिसला. अमेरिकेत इलेन वॉकर यांनी घरगुती चित्रफितींतून लहानपणच्या हालचालींतले फरक शोधले. हे सगळे आजाराची मुळे मेंदूच्या वाढीत आहेत हे सुचवते आणि म्हणून मौल्यवान आहे. परंतु महिनाभर उशिरा चालणारी जवळजवळ सगळी मुले पूर्ण निरोगी मोठी होतात. अंगणवाडीत एखादे मूल अडखळते म्हणून त्याच्या आईला भविष्यातल्या वेडाची भीती घालणे हे अन्यायाचे होईल, आणि विज्ञानाच्या नावाने होईल. मुलांची अशी चाळणी लावण्याला माझा स्पष्ट विरोध आहे. औषधापूर्वीच्या नोंदीचा आग्रह आणि भविष्यवाणीला विरोध, या दोन्ही गोष्टी एकाच वेळी धरता येतात.

न्यायाने पाहायचे तर चूक मानसोपचाराच्या दालनापुरती नाही. न्यूरॉलॉजिस्टकडे कंपवाताचा रुग्ण गेला की कंप, ताठरपणा, चालणे यांचे मोजमाप नीट होते. नैराश्य, भास, झोपेत ओरडणे यांची विचारपूस राहून जाते. वास येणे कमी होणे आणि मन खचणे हे काही जणांत कंपाच्या कितीतरी आधी येते. एल-डोपाने चाल सुधारते आणि काहींना त्याच उपचाराने माणसे दिसू लागतात. मनोविकाराचे सर्वसाधारण औषध दिले तर पुन्हा अंग जखडते. कंपवाताच्या मदतगटांत रुग्णाला शुभार्थी आणि सांभाळणाऱ्याला शुभंकर म्हणतात. या दोन टोकांमधली ओढाताण त्या शुभंकरांना पाठ असते. बंगळुरूची निम्हान्स संस्था 1974 मध्ये मनोरुग्णालय आणि संशोधन संस्था एकत्र करून उभी राहिली आणि तिथे दोन्ही विद्या एका आवारात नांदतात. सगळीकडे असे आवार उभारणे शक्य नाही. एकमेकांच्या चार-दोन तपासण्या शिकून घेणे शक्य आहे.

आणखी एक अडचण आहे, जिच्याबद्दल दोन्ही बाजू फारसे बोलत नाहीत: नोंदीचा पुढे कोण काय उपयोग करेल? 2016 च्या दिव्यांग हक्क कायद्याने मानसिक आजार आणि कंपवात दोन्हींना स्थान दिले. मानसिक आजाराचे अपंगत्व आपल्याकडे ‘आयडियाज’ मोजपट्टीने ठरते. तिच्यात स्वतःची काळजी, नातेसंबंध, संवाद आणि काम या बाबी येतात. हाताचा मंदपणा वेगळा मोजला जात नाही. लेथवर किंवा शिलाईयंत्रावर काम करणाऱ्याचे पोट मात्र त्या हाताच्या वेगावर चालते. नोंद असेल तर त्याला काम बदलून मिळण्यासाठी आधार होईल. उलटपक्षी तीच नोंद नोकरी नाकारायलाही वापरली जाईल, हा धोका आहे. 2017 च्या मानसिक आरोग्य कायद्याने रुग्णाच्या माहितीची गोपनीयता हा हक्क मानला आहे. ही नोंदही त्या संरक्षणाखाली आहे हे नियमांत स्पष्ट शब्दांत लिहिले जावे.

सगळे तोलून पाहता बंधनाच्या बाजूने कल द्यावासा वाटतो, पण मर्यादित बंधनाच्या. पहिल्या गोळीआधी चाल, बोटांची हालचाल, तोंड-जीभ, ताठरपणा आणि कॅटॅटोनियाची चिन्हे, एवढेच एका पानावर. करणारी व्यक्ती परिचारिका असेल तर चालेल. रुग्ण आक्रमक आहे, जीव धोक्यात आहे अशा वेळी बंधन शिथिल. नोंद स्थिरावल्यावर करायची आणि उशिराचे कारण लिहायचे. औषध सुरू झाल्यावर पहिल्या काही भेटींत ‘एका जागी बसवते का’ हा प्रश्न चुकवायचा नाही. जुन्या औषधांवर असलेल्यांची आणि वृद्धांची फेरतपासणी अधिक वेळा, इतरांची सहा महिन्यांनी. सक्ती आधी मनोरुग्णालये आणि वैद्यकीय महाविद्यालयांत यावी, आणि जिल्हा रुग्णालयांत परिचारिकेची जागा भरल्यानंतरच. जागा न भरता नुसते परिपत्रक काढले तर तपासणी न करताच रकान्यांत बरोबरच्या खुणा पडतील आणि तशी खोटी नोंद नसलेल्या नोंदीपेक्षा घातक ठरेल.

त्या पानाची एक प्रत रुग्णाच्या हाती द्यावी. आपल्याकडे रुग्ण डॉक्टर बदलतात, गाव बदलतात, सरकारी रुग्णालयातून खासगीकडे आणि पैसे संपले की परत सरकारीकडे येतात. कागद त्यांच्याच प्लास्टिकच्या फाइलमध्ये फिरतात. येरवडा, ठाणे, नागपूर, रत्नागिरी इथल्या मनोरुग्णालयांत वर्षानुवर्षे राहिलेल्यांसाठी औषधापूर्वीची नोंद आता मिळणार नाही. त्यांची आजची अवस्था तरी टिपून ठेवता येईल, म्हणजे पुढच्या वर्षी औषध बदलायचे की नाही हे ठरवताना डॉक्टरांपुढे तारखेसह काहीतरी असेल.